शनिवारचे पाहुणे

दर महिन्याच्या पाच तारखेला
मी केबलचे पैसे मागत फिरते, निपाणीच्या चार गल्ल्यांतून.
कुणाच्या घरात काय लागतं ते मला
देवापेक्षा जरा जास्तच ठाऊक.

ते सुरू झालं तेव्हा तंबाखूच्या वखारी भरत होत्या.
शनिवारी, रात्री साडेनऊ.
खोटा दिवाणखाना, खोटी खिडकी, खिडकीत खोटी रात्र,
आणि सिनेमातली, मालिकांतली खरी माणसं
तोंडात चमचा, चमच्यात लिंबू घेऊन पळायची.
एक दाढीवाला हिरो खुर्ची मिळाली नाही म्हणून
पहिल्याच भागात चक्क रुसला.
"आमचा विनू असाच," हौसाबाई म्हणाली,
"पण त्याला ह्याचं कोण पैसे देत नाही."

हौसाबाईच्या सोप्यात सहा जणी, सहा सुपं मांडीवर.
डोळे टीव्हीकडं, हात पानाकडं.
पान, तंबाखू, वळ, दोरा.
पान, तंबाखू, वळ, दोरा.
एका भागाला एकीच्या अडीचशे विड्या,
जाहिराती लागल्या की कट्टे बांधायचे.
तसं मोजलं तर तेरा भागांचं पहिलं पर्व
साडेएकोणीस हजार विड्यांचं.
कुणी ओढल्या असतील त्या, कुठं.

गंगव्वा मराठी बोलत नाही. कळतं सगळं, बोलत नाही.
तिला आवडायचा फक्त मुक्याचा खेळ,
एकानं हातवारे करायचे, बाकीच्यांनी ओळखायचं.
ती कन्नडमधून ओळखायची, आणि सगळ्यांच्या आधी.
"कुदरी!" ओरडायची,
तिकडं पडद्यावर अजून दोघंतिघं
गाढव, म्हैस, मुख्यमंत्री म्हणत असायचे.

मग नोव्हेंबरात नाक्यावर गाड्या अडल्या.
एसटी कोगनोळीवरनंच माघारी फिरली.
पाट्यांना काळं फासलं, इकडच्या तिकडं, तिकडच्या इकडं,
आणि कुणीतरी येऊन आमच्या बाळगोंडाला सांगून गेलं,
मराठी चॅनेल बंद ठेव, वाईट वाटून घेऊ नको.
त्यानं बटण दाबलं. वाईट वाटून घेतलं नाही.
त्या शनिवारी साडेनऊला पहिला फोन गंगव्वाचा.
कन्नडातून शिव्या. मी मोजल्या नाहीत.
शेवटी "पाहुणे", एवढाच शब्द मराठी.

दुसऱ्या पर्वात वेळ बदलली. साडेदहा. मग साडेअकरा.
मग गुरुवारी लागायला लागले शनिवारचे पाहुणे, नाव तेच.
"वाट चुकले असतील," हौसाबाई म्हणाली.
लिंबू गेलं, कंपनीच्या सरबताची बाटली आली.
रुसणारा हिरोही गेला. नवे आले त्यांना
हरायच्या आधी कॅमेरा कुठं आहे ते बघावं लागायचं.
बाविसावा भाग. तेविसावा.
चोविसाव्याच्या वेळेला एक बाई
केसांचं तेल विकत बसलेली.
सहा जणी अर्धा तास तिच्याकडं बघत राहिल्या,
ती कुठला खेळ खेळतेय ते ओळखायला.

निरोप नाही. 'समाप्त' नाही.
मी कोल्हापूरच्या ऑफिसात फोन लावला.
पोरगा म्हणाला, ताई, असा कार्यक्रम होता का?

त्यानंतर हौसाबाईची हजारी भरेना.
ठेकेदारानं विचारलं, हात दुखतात का.
काय सांगायचं त्याला.

परवा पाच तारखेला गेले तर वीज गेलेली.
मेणबत्तीभोवती पाच जणी, आणि सहावी गंगव्वा मधे उभी.
दोन्ही तळवे वर, मग छातीशी, मग दाराकडं बोट,
मग काहीतरी फाडल्यासारखं, मग हसली.
लग्न, म्हणाली एक. कोर्टाची नोटीस. रेशन कार्ड.
"चमचा?" मी उंबऱ्यातनंच म्हटलं, उगीच.
गंगव्वा मान हलवत राहिली, नाही, नाही,
आणि एकदा, जवळ आलात, अशी.

वीज आली. मधूनच कसल्याशा बातम्या सुरू झाल्या.
सगळ्या सुपांकडं वळल्या. तिनं उत्तर सांगितलं नाही.

हौसाबाईनं पदराची गाठ सोडून पैसे दिले,
त्या चॅनेलचे वेगळे पंधरा रुपयेसुद्धा.
"काढून टाकू काय ते?" मी विचारलं.
"राहू दे की गे. येतील कुठल्यातरी वारी."