आवाज

शाळा सोमवारी. शनिवारी दुपारी मशीनवर टॉवेल टाकला
आणि हर्षालीला घेऊन निघाले, घोडपदेवहून
अब्दुल रहमान स्ट्रीटला.
तिथे डझनाने घेतलं तर स्वस्त पडतं.
मला एकच हवी होती,
ते कसं सांगायचं याची तयारी बसमध्येच करून ठेवली.

दुकान म्हणजे एक जिना आणि जिन्याखाली बसलेला धवल.
वडील जेवायला गेले होते, त्यामुळे तो खुशीत.
एकावर एक रचत गेला:
दोन्हीकडून उघडणारी,
आत आरसा असलेली,
झाकणावर घोडा असलेली.
घोड्याला शिंग होतं. मी घोडाच म्हटलं,
तर दोघांनी मिळून मला दुरुस्त केलं.

माझी नजर बटणांवालीवर.
एक दाबलं की शार्पनर बाहेर,
दुसरं दाबलं की खोडरबराचा खण,
तिसरं नुसतंच, शोभेला.
तीनशे साठ.
पाच साड्यांचं फॉल-पिको, मी मनात म्हटलं, होईल.

मी सातवीपर्यंत पेन्सिली नेल्या
आईच्या जुन्या ब्लाउजच्या बाहीत,
एक तोंड शिवलेलं, दुसऱ्याला नाडी.
दप्तरात हात घालून, न बघता, आतल्या आत काढायची.
बाही कुणाला दिसू द्यायची नाही.
म्हणून तीनशे साठ.
म्हणून तिसरं बटणसुद्धा.

हर्षालीनं एकही बटण दाबलं नाही.
धवलला म्हणाली, ही पडली तर केवढी वाजते?

पडेल कशाला, तो म्हणाला.
पण पडली तर?

दुकानात गिऱ्हाईक नव्हतं. त्यानं पाडून दाखवली.
शार्पनर आपणहून बाहेर आलं.
मग आरशावाली, कानाजवळ धरून आधी हलवली आणि सोडली.
मग शिंगवाला घोडा.
ती प्रत्येक वेळी डोळे मिटायची,
मान जराशी तिरकी करायची
आणि नाही म्हणायची.

सहामाहीला गणिताच्या पेपरात पडली होती, आई.
पत्र्याची. सगळं सांडलं.
कर्कटक तर फळ्यापर्यंत गेलं.
सगळे हसले. ताम्हाणेबाईंनी उभं केलं.
बाहेर?
बाहेर.
किती वेळ?
तिनं आरशावालीचं झाकण लावलं.
मग मी ती मांडीवरच ठेवायची, म्हणाली. रोज.

मांडीवर.
पिनोवर, गुडघ्याच्या वर, तो तांबूस चौकोन:
दर रविवारी लिंबू-मीठ लावून मी तो घासत होते.
गंज आहे हे ओळखलं होतं.
दुसऱ्यांच्या कपड्यांवरचे डाग बघून मी सांगते
हळद की चहा, कालचा की परवाचा.
हा इथेच का, दर आठवड्याला इथेच का,
हे घरात विचारलं नाही.

शेवटी जमिनीवरच्या खोक्यातून तिनंच ओढून काढलं
एक कापडी पाऊच. निळं, साधं, नव्वद रुपये.
धवलनं उंच धरून सोडलं.
काहीच झालं नाही.
तिनं डोळे उघडले. पडलं का?

मी चेन दोनदा ओढून बघितली.
शिवण आतून उलटवून बघितली, टाके लांब होते.
ऐंशीला दे, म्हटलं. शिवण मलाच घालायची आहे.
त्यानं दिलं. डझन मागितलं नाही.

रात्री दोन्ही टोकांना दुहेरी टीप मारली.
नळीसारखं, मऊ, एका बाजूनं बंद.
हातात धरल्यावर कळलं
मी काय शिवतेय.
ती मात्र उद्यापासूनच ते गळ्यात अडकवायला निघाली होती,
नाडी लाव म्हणत होती.

पत्र्याची आता माझ्याकडे. बॉबिनी, खडू, हुकांची पाकिटं.
मशीन जोरात चाललं की सरकत सरकत कडेला येते
आणि पडते.
अख्ख्या चाळीला ऐकू जाईल अशी.
हर्षाली पुस्तकातून मान वर करते,
एक क्षण थांबते,
आणि ओरडते,
आई, बाहेर!