सात सेकंद पुढे

ड्युई, मॅच आमच्या आठला, तुझ्याकडे सात वाजलेले असतील.
मोटेलच्या टीव्हीवर चॅनल लागलं नाही तर
खाली ऑफिसात जाऊन सांग, माझ्या गावची पोरगी खेळतेय.
खोटं नाही ते. चौदा नंबर. हॅकवर्थची रेनी,
जिच्या बापाने तुला ट्रक शिकवला
आणि मोडलेल्या कुंपणाचे पैसे कधी मागितले नाहीत.

आवाज बंद ठेव. टीव्हीवरची माणसं
आपल्या कॉलेजचं नावही धड घेत नाहीत,
'डोंगरातल्या मुली' म्हणतात,
जशा काही बिळातून बाहेर आल्यात.
चेंडूकडे बघू नकोस, चेंडू सगळेच बघतात.
रेनीचे पाय बघ. डावी टाच उचलली
की ती उजवीकडे सुटणार.
हे बाबांनी मला दाखवलं होतं,
त्यांना दिसायचं तेव्हा.

आता ते स्वयंपाकघरात बसतात. नाकात नळी,
ऑक्सिजनच्या मशीनची घरघर, आणि रेडिओवर तोच लोनी,
खेळ ऐन रंगात आला की
कोंबड्यांच्या खाद्याची जाहिरात वाचणारा.
पण रेडिओ पुढे असतो, ड्युई.
टीव्ही सात सेकंद मागे.
वरच्या खोलीत केल्सी फोनवर बघते
ती आणखी अर्धा मिनिट मागे.
त्यामुळे या घरात एकच बास्केट तीनदा पडते:
आधी टेबलावर बाबांची थाप,
मग हॉलमध्ये मी,
मग आम्ही दोघं पुढच्या फाऊलवर चरफडत असताना
वरून किंकाळी.

सेमीफायनलला मी ओरडले, हात आवरा बाबा,
मला सगळं आधीच कळतं.
तेव्हापासून थाप मारत नाहीत.
श्वास रोखून धरतात.
ते थापेपेक्षा मोठ्याने ऐकू येतं.

एकदा फोन कर. माझ्याशी बोल, त्यांच्याशी नको.
दोन वर्षं झाली, खाण बंद पडली आणि
तू न सांगता निघालास त्याला,
ते अजून तुझं नाव घ्यायचं आलं की
खोकला काढतात.

इथपर्यंत शनिवारी लिहिलं होतं.
पाठवलं नाही, कारण हाफटाइमला तूच फोन केलास:
'इथे चित्र अडकलंय, काय चाललंय?'
मी काहीच सांगितलं नाही.
फोन नेऊन रेडिओशेजारी ठेवला,
मिठाच्या बरणीला टेकवून.
बाबांनी विचारलं नाही कोण आहे म्हणून.
हात चाचपडत गेला
आणि आवाज वाढवला.

मग अख्खा अर्धा डाव कुणी कुणाशी बोललं नाही.
तू तिथे, ते इथे, मधे लोनी
आणि कोंबड्यांचं खाद्य.

शेवटचे चार सेकंद. एका गुणाने मागे.
माझ्या पडद्यावर रेनी अजून चेंडू आपटत उभी,
घाम पुसायला तिने खांदा वर केला,
आणि स्वयंपाकघरात सगळं होऊन गेलं होतं.
थाप नाही. श्वासही नाही.
फक्त मशीन.

मी वळून बघितलं नाही.
तिची डावी टाच उचललेली बघितली,
चेंडू हातातून सुटलेला बघितला,
आणि माहीत असून
'जा' म्हणाले त्याला.

तेवढ्यात मागून बाबांचा आवाज,
मला नव्हे, मिठाच्या बरणीला:
'रिंगवर दोनदा नाचला. पोरीने टाकला बरोबर होता.'
मग बराच वेळ घरघर.
मग, 'तिकडे बर्फ आहे का अजून?'

तू काय सांगितलंस ते मला ऐकू आलं नाही,
कारण वरच्या खोलीत
अजून चार सेकंद बाकी होते,
आणि केल्सी पलंगावर उभी राहून ओरडत होती,
टाक, रेनी, टाक!