तोंडची वाफ

एबुरूच्या उतारावर, जमिनीच्या एका भेगेला
न्यागुथीनं पत्र्याचा पाइप तिरका टेकवलाय,
तापात बरळणाऱ्याच्या ओठांशी
कुणी कान न्यावा तसा.
खाली तेलाचा जुना पिंप.
टप्.
मग कितीतरी वेळ काहीच नाही.
टप्.
ही तिची विहीर.

मी सरोवराकाठचा, लुओ. आमच्याकडे पाणी
वल्ह्याला लागतं, उंबऱ्याला लागतं,
पाण्याचा हिशेब कुणी ठेवत नाही.
इथं आलो कंपनीच्या जीपमधून
थर्मामीटर घेऊन, भेगांना आकडे द्यायला.
अठ्ठ्याऐंशी अंश. नव्वद. एक्क्याण्णव.
या उंचीवर पाण्याला उकळी फुटायला एवढंच पुरतं.

तिला सांगितलं, खाली दोन कोसांवर
दगड अजून पुरता थिजलेला नाही.
हा खंडच मधोमध उसवतोय,
वर्षाला फार तर नखाएवढा,
आणि उसवल्या शिवणीतून धग येते वर.
पाऊस मुरत मुरत तिथवर पोचतो,
चटका बसतो, आल्या पावली पळत सुटतो.

तिनं ऐकून घेतलं. म्हणाली,
"म्हणजे आधण ठेवून कुणीतरी विसरलंय."
पिंपात वाकली. बोटं घालून पाहिलं. चार बोटं.
"बोल तू. फक्त तिथून हलू नकोस.
तुझी सावली पडलीय पाइपवर,
गार राहतोय."

हसली तेव्हा तिचे दात दिसले,
कडांना तपकिरी, मधे खडूसारखे.
लहानपणी खालच्या बोअरचं पाणी प्यायली ती;
ज्वालामुखीच्या राखेतलं काहीतरी
त्या पाण्यातून हाडात उतरतं, तिथंच राहतं.
वान्जुगू, तिची धाकटी, वाफेच्या पाण्यावर वाढली.
ती हसताना तोंडावर हात धरत नाही.

डोंगर दिवसभर तोंडची वाफ दवडतो.
मीही.

"तुम्ही खोल भोक पाडलंत," तिनं विचारलं,
"तर माझं टप् वाढेल की थांबेल?"
माझ्या तक्त्यात या प्रश्नाला रकाना नव्हता.
मी आकाशाकडे पाहिलं, मग थर्मामीटरकडे,
दोघांनीही मला वाचवलं नाही.

त्या आठवड्यात, गुरुवारी रात्री,
भांड्यांनी फळीवर जरा दात वाजवले.
एवढंच. माझं यंत्र तंबूत होतं,
त्यानं एक बारीकशी दाढी काढली कागदावर.
सकाळी भेग मुकी. पाइप कोरडा.
हात लावला तर नुसता कोमट,
पाहुणा उठून गेल्यावरच्या खुर्चीसारखा.

न्यागुथी रडलीबिडली नाही.
पाइप खांद्यावर टाकला आणि निघाली,
मी मागून, नकाशा फडफडवत.
नकाशात भेगा जिथं होत्या तिथं ती गेलीच नाही.
गवतावरचं दव कुठं आधी वाळलंय ते पाहिलं.
एका शेळीला उठवलं. शेळी उठेना,
पोट मातीला चिकटवून डोळे मिटून पडलेली.
"सरक गं," म्हणाली तिला,
आणि त्या जागी तळहात ठेवला,
लेकराचा ताप बघतात तसा, उलटा, मग सुलटा.
काळ्या काचेचे तुकडे बाजूला सारले,
वीतभर खणलं.
फुस्स.

मी लिहिलं: भेग क्रमांक बत्तीस. एकोणनव्वद अंश.
ती म्हणते: शेळीची.

पाइप बसला. पत्रा आधी नुसता घामेजला,
मग त्या घामाला उतार सापडला.
जीपचा हॉर्न वाजला, दोनदा, मग लांबलचक.
मी हललो नाही.
पण इथं विषुववृत्त अगदी पायाशी;
बाराला सावली अंगाखाली शिरते,
माणूस असून नसल्यासारखा.
तोवर अर्धा मग झाला होता.
वान्जुगूनं तो माझ्यापुढं धरला.
लोखंडाची चव होती, आणि गरम होतं.