पोरगा वर आहे ना

दर चौथ्या मंगळवारी नाल ठोकायला मी जातो
फिनबार टूमीच्या पागेत, वेक्सफर्डच्या किनाऱ्याला.
तिथं वारं गवताला मीठ लावत असतं.

अठरा वर्षं तो कुंपणांवरून उडाला.
गळपट्टीचं हाड पाच वेळा मोडलं,
चार वेळा डावं, एकदा उजवं.
‘बदल म्हणून,’ म्हणतो.
डॉक्टरांनी परवाना काढून घेतला
त्याच संध्याकाळी त्याने एक घोडा घेतला,
लंगडा, तोही उधारीवर.
पहिले नाल मी फुकट ठोकले; अजून ऐकवतो त्याला.

वजनासाठी अर्धाच टोस्ट खायची सवय
सुटलेली नाही.
उरलेला अर्धा खिशात, कुठल्या तरी घोडीचा.

आता खोगिरावर दुसऱ्यांची पोरं.
सकाळी हा कठड्याशी उभा, बोटं मोजतात:
तीन, दोन, एक
आणि उडी घोडा घेतो,
टाच याची उचलते.

शर्यतीत शेवटच्या कुंपणाला मात्र
तो पाठ फिरवतो.
नुसत्या टापा ऐकतो.
टापा थांबतात, पुन्हा पडतात,
मधे श्वासभर काहीच नसतं.
त्या पोकळीत कोण कोण
अजून उठायचं राहिलंय
मला ठाऊक आहे. सांगणार नाही.

मार्चमध्ये त्याची करडी घोडी पहिली आली.
लोक टोप्या उडवत होते.
फिनबार कुंपणाकडे पाठ करूनच विचारत होता,
‘पोरगा वर आहे ना?’
आहे रे. जिंकलास तू.
‘बरं,’ म्हणाला
आणि खिशात टोस्ट चाचपू लागला.