अवांतर

अठरा वर्षं मी या क्लबची धावपुस्तिका लिहिते.
लेस्टर, सोअर नदीकाठचं मैदान, घडीची खुर्ची,
थर्मास, टोक केलेल्या चार पेन्सिली
आणि वाऱ्याने पान उडू नये म्हणून
होजियरीच्या कारखान्यातून आणलेलं लोखंडी बॉबिन.
पुस्तिका इंग्रजीत. मनात मात्र मी मराठीच मोजते,
अण्णांच्या रेडिओवर शिकले तशी:
निर्धाव, पायचीत, अवांतर.

संघात पटेल पाच.
त्यातले दोन एका वयाचे, एका वर्गातले.
एक नडियादचा, एक भरूचचा,
म्हणजे त्यांचे आजे तिकडचे. ही पोरं इथल्याच इस्पितळातली.
जिगर आणि इल्यास.
जिगरचा चेंडू बाहेर वळायचा, कड घ्यायचा,
इल्यास यष्टीमागे असायचाच.
झे. पटेल, गो. पटेल.
वाचणाऱ्याला वाटावं, एकाच माणसाने दोन्ही केलं.
घोटाळा नको म्हणून मी आद्याक्षर घालायला लागले.
इ. पटेल. जि. पटेल.

त्या रात्री भारत जिंकला.
मीही ओरडले, खोटं कशाला बोलू.
शेवटच्या षटकात हातातलं लाटणं पायावर पडलं.
मग हॉर्न, ढोल,
गाड्यांच्या खिडक्यांतून कंबरेपर्यंत बाहेर आलेली पोरं,
मेल्टन रोड एका टोकापासून दुसऱ्या टोकापर्यंत.
कधीतरी घोषणेतला देश गळून पडला
आणि कोण मरो एवढंच उरलं.
नेमकं कितव्या चेंडूवर, सांगता येणार नाही.
मी लिहीत नव्हते.
पलीकडच्या गल्लीतून दुसरे आले.
त्यांच्याकडेही देव होता, तोही मोठ्या आवाजात.

इल्यास वेफर्सच्या कारखान्यातून परतत होता.
अंगाला मिठाचा, तळणाचा वास.
कोपऱ्यावर अडवलं. नाव काय?
पटेल, तो म्हणाला.
म्हणे, क्षणभर कुणाला काही सुचेना.
अपील झालंय आणि पंच नुसताच बघतोय,
तसा अख्खा जमाव त्या तीन अक्षरांपाशी उभा.
मग मागून कुणीतरी:
हे नको. याच्या आधीचं सांग.

(इतकी वर्षं मीही तेच विचारत होते.
इ. की जि.)

उजव्या हाताची तीन बोटं.
बॅट नवी होती, तो म्हणाला,
जवसाच्या तेलाचा वास येत होता.
यष्टीरक्षकच तो. काय येतंय
ते शेवटपर्यंत बघायची सवय.

निनाद पावणेदोनला घरी आला.
आवाज पार बसलेला.
मी हळदीचं दूध दिलं. घसा कशाने बसला
विचारलं नाही. जिन्याखालची तेलाची बाटली
अर्धी होती. तशी ती नेहमीच असते.

रविवारी सामना झाला. आमचे नऊ जण.
सीमारेषेबाहेर पोलिसांची व्हॅन,
त्यातला एकजण स्कोअर विचारून गेला.
निनाद फलंदाजीला उतरला, दुसऱ्याची बॅट मागून.
दोन चेंडू. शून्य.
नंतर जिगरने टाकलं. चेंडू वळत होते,
फलंदाजाला चकवत होते,
आणि यष्टीमागे उभं केलेल्या पोराच्या
मोठ्या पडणाऱ्या ग्लोव्हजमधून
निसटून थेट नदीकडे.
बाय चार. बाय चार. परत बाय चार.
जिगर दर वेळी मागे वळून बघायचा,
बघितलं की मान खाली.

अवांतर एकोणचाळीस.
अण्णांना विचारलं होतं लहानपणी, अवांतर म्हणजे काय?
ज्याचा मूळ गोष्टीशी संबंध नाही ते.
मग ते बेरजेत का धरतात?
अण्णांनी रेडिओचा आवाज वाढवला होता.

दोन्ही बाजूंच्या बेरजा जुळवत बसले. अंधारून आलं.
खाली, फलंदाजांच्या यादीत, रीत म्हणून लिहिलं:
पटेल, जायबंदी, अनुपस्थित.
आद्याक्षर घातलं नाही. मग घातलं.
मग खोडलं, कागद जरा फाटला.

निनाद खुर्ची न्यायला आला.
ओठ हलले, निघायचं का, असंच काहीतरी.
आवाज अजून आलेला नव्हता.