अकरा वीसची मंडळी

अकरा वाजून वीस मिनिटांनी
आमच्या दाराशी सहा-सात जणांची पावलं वाजतात.
मी घेवड्याखालचा गॅस बारीक करते
आणि खुर्ची ओढून जिन्याखाली बसते.
पत्र्याच्या डब्यावर लिहून ठेवलंय: एक लारी.
लारी पडली की मी वरचा दिवा लावते,
मग छतावरचे चितारलेले मोर दिसतात.
निम्मेच. निम्मे ओलीने खाल्ले.

पुढे म्झिया, छत्री उंच धरून, ऊन असो की पाऊस.
तिबिलिसीत अशा पुष्कळ छत्र्या हिंडतात,
हिची मोहरीच्या रंगाची.
मोठा घोळका ती घेत नाही.
म्हणते, लामारा देइदा, आठाच्या वर गेले
की माणसं ऐकत नाहीत, नुसती मोजावी लागतात.

मला इंग्रजी येत नाही.
बालवाडीत बत्तीस वर्षं रव्याची लापशी ढवळली,
तिथे कशाला लागतंय?
पण चार वर्षं रोज तेच कानावर पडलं
तर भिंतीलाही पाठ होईल.
कुठे ती हात वर करते, कुठे श्वास घेते.
‘टोबॅको’ म्हणाली की लोक भिंतीला नाक लावतात.
मग काहीतरी सासूबद्दल,
सासूबद्दलच असणार, आवाजच तसा काढते,
आणि सगळे हसतात.

परवा आली ती घसा धरून.
ओठ हलले, आवाज नाही.
सहा जण माना वर करून उभे:
कानात यंत्र घातलेले एक पोलिश आजोबा,
एकसारखे बूट घातलेल्या दोन बहिणी,
एक कंटाळलेला मुलगा,
आणि एक जोडपं, इतकं नवं
की अजून एकमेकांना पाणी विचारत होतं.
म्झियाने माझ्याकडे पाहिलं.

ॲप्रनला हात पुसले, उठले
आणि बोलले.
पहिल्यापासून सगळं.
अर्थ एकाचा ठाऊक नाही, पण चाल ठाऊक.
हात वर. श्वास. टोबॅको.
त्यांनी भिंतीला नाक लावलं!
सासूच्या जागी सासूचा आवाज काढला
आणि हसले हो, पोट धरून हसले,
आजोबा सगळ्यांत शेवटी, पण सगळ्यांत मोठ्याने.

इथे थांबायचं असतं.
इथे म्झिया छत्री उचलते.
पण माझी जीभ सुटली होती.
तिसऱ्या पायरीपाशी भिंतीवर बोट ठेवलं,
आता आपल्या भाषेत:
हा ओरखडा बघा.
आमच्या ओतारची सायकल.
ब्रेक नव्हता, आणि ते त्याला माहीत होतं.
आई ओरडली, वडील हसले,
भिंत रंगवायची राहून गेली.
पुढे गोळीबाराच्या हिवाळ्यात
तो पावाच्या रांगेत उभा राहतो म्हणून गेला.
मग कोणी रंगाचं नाव काढलं नाही.

एकालाही एक शब्द कळला नाही.
त्यांनी फोटो काढला.
धाकट्या बहिणीने ओरखडा बोटाने चाचपला.
म्झिया तेवढी दाराकडे तोंड करून उभी राहिली.
तिला आपली भाषा येते.

डब्यात त्या दिवशी अकरा लारी
आणि कुठल्याशा देशाचं भोकाचं नाणं.

आज तिचा घसा सुटला.
मोर, टोबॅको, सासू,
मी ओठातल्या ओठात तिच्या पुढे पळत होते.
छत्री उचलायच्या जागी
ती तिसऱ्या पायरीपाशी वाकली.
नवी वाक्यं. दोन, फार तर तीन.
त्यांची चाल मला ठाऊक नाही.
‘ओतार’ तेवढं कळलं,
त्यातला ता तिने लांबवला,
आई जिन्यात हाक मारताना लांबवायची तसा.

कोणी हसलं नाही.
हसायला हवं होतं!
ब्रेक नव्हता, आणि ते त्याला माहीत होतं,
यात हसण्यासारखं नाही होय?
उद्या तिला बजावते,
सायकल नीट सांग, सावकाश,
हिवाळा नंतर.
हिवाळा नाही सांगितला तरी चालेल.

छत्री वळणापल्याड गेली तरी मी बसून राहिले.
आत घेवडा बुडाला लागला.
गॅस बारीक करायचाच राहिला होता.