उजवीकडून डावीकडे

श्रेणिक, वही सापडली.
दोनशे पानी, मागच्या पुठ्ठ्यावर पाढे.
तू म्हणालेलास मांगा उलटी वाचतात,
उजवीकडून डावीकडे,
म्हणून आपण ती पाढ्यांच्या बाजूनं सुरू केली.
सतराचा पाढा हेच आपलं मुखपृष्ठ.

चित्रं माझी, फुगे तुझे.
ही वाटणी विश्रामबागेत क्लासच्या मागे
भडंगाच्या एका पुडीवर ठरली.
लसूण तू वेचून बाजूला काढायचास,
चातुर्मास असो नसो,
घरी तोंडाचा वास येईल म्हणून.

गोष्ट साधीच. एका गल्लीतली दोघं,
सायकल एकत्र शिकलेली,
आणि कुणीतरी एकानं आधी बोलायचं.
तुझ्या मामेभावाच्या पुस्तकांत
अशा वेळी झाडावरून पाकळ्या पडायच्या
आणि मुलीच्या गालावर तीन तिरक्या रेघा.
रेघा जमल्या. पाकळ्या जमेनात.
मी मार्केट यार्ड काढलं.
हमालाच्या पाठीवरून पोतं उतरतं
आणि हवेत हळद तरंगत राहते,
ती काढली ठिपक्या-ठिपक्यांनी, काळ्या शाईत.
तू विचारलंस, पिवळं आहे हे कसं कळणार?
म्हटलं, सांगलीच्या माणसाला कळतं.

नायक म्हणजे तू नव्हतास.
हे मी तेव्हाही सांगितलेलं, आताही सांगते.
नाक फक्त.
मला दुसरं नाक येत नव्हतं.

तिसऱ्या भागात दोघं आयर्विन पुलावर येतात.
अर्धं पान भरून एकच चौकट,
त्याच्या तोंडातून निघालेला मोठा फुगा,
रिकामा.
तू म्हणालास, उद्या लिहितो.
उद्या दहावी आली.
मग डिप्लोमा, मग चाकणची कंपनी, तीन शिफ्ट,
तिथून तू मांजरांचे व्हिडिओ पाठवायचास
आणि रात्री दोनला, जेवलीस का.
दोनला कोण जेवतं?
मी त्या फुग्यात दोनदा लिहून पाहिलं,
पेन्सिलनं.
खोडलं. वाटणी ठरलेली होती ना.

एकोणीसच्या पुरात वही खालच्या कपाटात राहिली.
आम्ही गाद्या वर नेल्या, टीव्ही, सिलिंडर,
आईनं नवीन घेतलेली इस्त्रीसुद्धा.
वहीचं कुणाच्या मनात आलं नाही.
माझ्याही नाही, खोटं कशाला बोलू.
नंतर बाबांनी ती गच्चीत वाळत घातली
लाइटबिलांच्या शेजारी, वर वीट ठेवून,
आणि मग तिचीच वीट झाली,
माळ्यावर पडून.

काल पानं सोडवत बसले होते,
पोळपाटाला चिकटलेली पोळी सोडवतात तशी.
बरीच फाटली.
यार्डाच्या पानावर खरंच पिवळं चढलंय,
गाळाचं, पण पिवळं.
आणि पुलाच्या पानासमोर
मी तिचा चेहरा काढला होता, एकटीचा,
तीन रेघांसकट.
पाण्यानं तो उचलला
आणि तुझ्या फुग्यात ठेवला.
उलटा. डावा गाल उजवीकडे.
जरा पसरलाय, पण ती आहे.

मी खूप वेळ बघत होते.
खाली आई विचारत होती, काय सापडलं गं?
म्हटलं, गणिताची वही.

फोटो पाठवणार नाही.
तू शनिवारी येतोयस ना, काकांच्या वास्तुशांतीला?
तिथून निघालास की हरिपूरला ये, संगमावर,
पुलावर आपल्या गल्लीतलं कुणीतरी भेटतंच.
पेन आणू नकोस.
म्हणजे आण.
मला काही कळत नाहीये, श्रेणिक,
आपल्याला सायकल शिकवणाऱ्या तुझ्या अक्कालाही
हे काय तोंडानं सांगणार.

भडंग मी घेऊन येते.
लसूण घरीच काढून ठेवते.